अनाथ मुलगी आणि तिच्या नावाचा कागद

फ्रान्सेस हॉजसन बर्नेट यांची 'द सीक्रेट गार्डन' ही कादंबरी १९११ साली पुस्तकरूपाने आली. तिच्या पहिल्याच प्रकरणात हिंदुस्थानातल्या एका बंगल्यात कॉलरा शिरतो, मेरी लेनॉक्सचे आईवडील मरतात, नोकरचाकर पळून जातात आणि ही हट्टी मुलगी रिकाम्या घरात एकटी सापडते. बीबीसीसाठी डोरोथिया ब्रुकिंग यांनी या कादंबरीची तीनदा मालिका केली, १९५२, १९६० आणि १९७५ साली. १९८७ मध्ये अमेरिकेत तिच्यावर दूरचित्रवाणीपट निघाला. त्यात मेरी आणि तिचा आतेभाऊ कॉलिन यांचे नातेच काढून टाकले, कारण शेवटी त्यांची जोडी जमवायची होती. १९९३ च्या चित्रपटात कॉलऱ्याऐवजी भूकंप आला आणि २०२० च्या चित्रपटात १९४७ ची फाळणी. कॉलऱ्याचा भूकंप होतो, भूकंपाची फाळणी होते, आणि यॉर्कशायरच्या बागेत पुढे जे घडायचे ते जसेच्या तसे घडते. पडद्यासाठी लिहिणाऱ्यांना मुलगी अनाथ हवी असते. ती कशाने अनाथ झाली, हे त्यांच्या लेखी नेपथ्य. इतिहास मात्र उलटा हिशेब मांडतो. ज्या आपत्तीने मुलगी अनाथ होते तीच आपत्ती तिच्यावर हक्क सांगणारे कोण येणार हे ठरवते, आणि मुलीचे पुढचे आयुष्य तिच्या गुणांपेक्षा त्या हक्कावरच जास्त अवलंबून राहते. हे तपासायला नर्मदेच्या काठावरचे नेमावर आणि त्याच्या वरचा धार-देवासचा माळवा सोयीचा आहे.

अनाथ मुलीच्या कथेचा सर्वांत लाडका नमुना अर्थात कॅनडातला आहे. ल्यूसी मॉड मॉन्टगोमेरी यांची 'ॲन ऑफ ग्रीन गेबल्स' १९०८ ची. तिच्या मालिका बीबीसीने केल्या, १९७९ मध्ये जपानने पन्नास भागांची ॲनिमेशन मालिका केली, १९८५ मध्ये केव्हिन सुलिवन यांची मेगन फॉलोजची ॲन आली आणि २०१७ ते २०१९ या काळात 'ॲन विथ ॲन ई' या नावाने सत्तावीस भाग निघाले. कथा सगळ्यांना ठाऊक आहे: मॅथ्यू आणि मरिला कथबर्ट या भावाबहिणीने शेतीच्या मदतीला मुलगा मागवला, अनाथगृहातून चुकून मुलगी आली, आणि तिने आपल्या बडबडीने व कल्पनाशक्तीने घर जिंकले. पण कादंबरी नीट वाचली तर या जिंकण्याच्या आधी एक जागा आहे. मरिला तिला परत पाठवायला निघालेली असते. तेव्हा कळते की मिसेस ब्ल्यूएट नावाच्या, कामाला माणूस टिकू न देणाऱ्या बाईला पोरे सांभाळायला एक मुलगी हवी आहे. त्या दुपारी मरिलाने 'घेऊन जा' म्हटले असते तर ॲनची सगळी कल्पनाशक्ती ब्ल्यूएटबाईच्या मोरीत भांडी घासण्यात संपली असती. गुण तेच, मुलगी तीच. फरक पडला तो घेणाऱ्या हातांचा. शिवाय सुरुवातीलाच मरिला सांगते की बार्नार्डोच्या संस्थेतला मुलगा आणायला तिने साफ नकार दिला. हे वाक्य हवेतून आलेले नाही. १८६९ पासून ब्रिटनमधल्या संस्थांनी सुमारे १ लाख मुले कॅनडात शेतमजुरी आणि घरकामासाठी पाठवली आणि त्यांतल्या पुष्कळांचे आई किंवा वडील हयात होते. म्हणजे अनाथ हे विशेषण बऱ्याचदा गरिबीने लावलेले होते. मालिकांमध्ये बार्नार्डोचा मुलगा आलाच तर एका वाक्यापुरता येतो.

आता नेमावर. आजच्या देवास जिल्ह्याच्या दक्षिण टोकाला, खातेगाव तालुक्यात हे गाव आहे. समोर पलीकडच्या काठावर हंडिया, हरदा जिल्ह्यातले. नर्मदेचे नाभिस्थान इथे मानतात, आणि परमारांच्या काळातले भूमिज शैलीचे सिद्धेश्वराचे देऊळ आजही नदीवर उभे आहे. अल्बेरुनीने अकराव्या शतकात धारेहून दक्षिणेला जाणाऱ्या वाटेचे टप्पे नोंदवले, त्यांत नर्मदाकाठचे हे गाव येते आणि वाट पुढे गोदावरीपर्यंत जाते. मराठी मुलखाला माळव्याशी जोडणाऱ्या जुन्या उतारांपैकी हा एक. १८१७ च्या हिवाळ्यात सर थॉमस हिस्लॉपची फौज हरद्याहून हंडियाच्या बाजूने नदी ओलांडून माळव्यात चढली, २१ डिसेंबरला महिदपूरला होळकरांचा पराभव झाला, पुढच्याच महिन्यात मंदसोरचा तह झाला आणि १८१८ मध्ये महूची छावणी बसली. मेरी लेनॉक्सचे वडील ज्या प्रकारच्या हिंदुस्थानात साहेब होते तो हिंदुस्थान या भागात असा आला. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस तर नदी ही दोन राजवटींमधली सीमाच होती. नेमावर इंदूरच्या होळकरांचे आणि हंडिया-हरदा ब्रिटिश मध्य प्रांताच्या होशंगाबाद जिल्ह्यात. मध्ये पाण्याचा एक पट्टा आणि नावाड्याचे दोन पैसे, एवढेच अंतर. पण दुष्काळात या अंतराला फार अर्थ आला.

नर्मदेचे खोरे हा गव्हाचा प्रदेश. मुंबईहून खांडवा, हरदा, इटारसीवरून जबलपूरला जाणारा लोहमार्ग १८७० मध्ये पूर्ण झाला आणि इथला गहू मुंबई बंदरातून बाहेर जाऊ लागला. १८९३ नंतर ओळीने काही वर्षे हिवाळी पाऊस आणि तांबेऱ्याने गहू बुडवला, आणि १८९६ मध्ये पावसाने लवकर पाठ फिरवली. शेतकऱ्याच्या घरात साठा उरला नव्हता, पत उरली नव्हती, तेव्हा हा घाव बसला. तीन वर्षांनी १८९९-१९०० चा दुष्काळ आला, ज्याला माळवा आणि राजस्थान छप्पनिया म्हणतो. माळव्यात दुष्काळ पडत नाही, उलट मारवाडची माणसे जगायला इकडे येतात, अशी पिढ्यान्‌पिढ्यांची खात्री होती. ती त्या वर्षी मोडली. १८९१ ते १९०१ या दशकात मध्य प्रांताच्या ब्रिटिश जिल्ह्यांची लोकसंख्या जवळपास आठ टक्क्यांनी घटली. उत्तरेकडच्या संस्थानी मध्य हिंदुस्थानात घट त्याहून मोठी होती. हरद्याच्या बाजूला दुष्काळी संहिता लागू होती: रस्त्याची आणि तळ्यांची कामे, गरीबखाने, आणि बेवारस मुलांची नोंद. नेमावरच्या बाजूला दरबार जे करील ते. हरदा-होशंगाबादकडे मुलगी गरीबखान्यात पोचली की ती सरकारदरबारी 'अनाथ' होई, आणि तिथून तिच्यावर हक्क सांगणाऱ्यांची रांग सुरू होई.

ही रांग कोणाची होती हे पाहण्यासारखे आहे. हरद्याला १८८२ पासून डिसायपल्स ऑफ ख्राइस्ट या अमेरिकी मिशनचे ठाणे होते. त्यांचे मुलग्यांचे अनाथगृह दमोहला आणि मुलींचे बुंदेलखंडात महोब्याला. होशंगाबाद आणि सोहागपूरला इंग्लंडच्या क्वेकरांचे मिशन होते. पंजाबातून लाला लजपतराय आणि आर्य समाजाचे लोक मध्य प्रांतात आले आणि हिंदू मुले मिशनच्या हाती जाऊ नयेत म्हणून त्यांना उत्तरेकडच्या आपल्या अनाथालयांत घेऊन गेले. आणि पुण्याहून आल्या पंडिता रमाबाई. त्यांना ही वाट पुस्तकातून माहीत नव्हती. १८७० च्या दशकातल्या दक्षिणेतल्या दुष्काळात आईवडील आणि बहीण गमावून, भावाबरोबर देशभर पायी फिरत, त्या १८७८ मध्ये कलकत्त्याला पोचल्या होत्या. १८९६-९७ मध्ये मध्य प्रांतातून त्यांनी सुमारे ३०० मुली-बायका आणल्या. पुण्यात प्लेगच्या निर्बंधांमुळे त्यांना ठेवता येईना, तेव्हा केडगावच्या माळावर वस्ती उभी राहिली. तीच पुढे मुक्ती सदन झाली. या दोन तपशिलांमध्ये एक तिसरा ठेवला की मुद्दा स्पष्ट होतो. १८९३ साली रमाबाईंच्याच पुण्यातल्या शारदा सदनातल्या धर्मांतराच्या वादात 'केसरी'ने झोड उठवली, रानडे-भांडारकरांनी सल्लागार मंडळाचे राजीनामे दिले आणि अनेक विधवा मुलींना त्यांचे बाप-भाऊ येऊन घरी घेऊन गेले. १८९७ च्या मुलींना असे घेऊन जायला कोणीच आले नाही. संस्था तीच, संस्थाचालिका तीच, तिची श्रद्धाही तीच. शारदा सदनातल्या मुलीच्या मागे पालक होता म्हणून तिचे धर्मांतर हा सार्वजनिक प्रश्न झाला. केडगावच्या मुलीच्या मागे कोणी नव्हते म्हणून तिचे धर्मांतर ही एक आकडेवारी झाली. सरकारलाही हे दिसले. १९०१ च्या दुष्काळ आयोगापुढे लजपतरायांनी साक्ष दिली ती नेमक्या याच प्रश्नावर, की बेवारस मूल आधी कोणाचे.

धारेला या गोष्टीचा दुसरा धागा सापडतो आणि तो थेट ॲनच्या देशात जातो. कॅनडाच्या प्रेस्बिटेरियन चर्चने १८७७ मध्ये इंदूरला मिशन काढले. पुढे महू, नीमच, रतलाम, उज्जैन अशी ठाणी झाली, आणि १८९५ मध्ये डॉ. मार्गारेट ओ'हारा धारेला आल्या. स्त्रियांसाठी दवाखाना हे त्यांचे मुख्य काम, पण दोन्ही दुष्काळांत या मिशनने माळव्यातल्या अनाथ मुलांना आपल्याकडे घेतले. 'ॲन ऑफ ग्रीन गेबल्स'च्या पहिल्या पानावर भेटणारी रेचल लिंड, सगळ्या गावावर नजर ठेवणारी ती कर्तबगार बाई, परदेशी मिशनांना मदत करणाऱ्या महिला मंडळाचा आधारस्तंभ आहे, असे मॉन्टगोमेरी सांगतात. प्रिन्स एडवर्ड बेटावरच्या मंडळींचा पैसा मुख्यतः त्रिनिदाद आणि न्यू हेब्रिडीजकडे जाई, माळव्याचा भार ऑन्टारिओकडच्या बायका उचलत. म्हणून रेचल लिंडच्या वर्गणीवर धारेची मुलगी वाढली असे म्हणणे खेचून आणलेले ठरेल. पण जग एकच होते. त्याच वर्षांत, त्याच चर्चच्या बायका एकीकडे लंडनच्या पोराला घरात घ्यायला नाखूश होत्या आणि दुसरीकडे माळव्यातल्या पोरीसाठी शिवणकामाच्या बैठकीत पैसे जमवत होत्या. दूरच्या अनाथाची दया येणे सोपे असते. तिला आपल्या आडनावात जागा द्यावी लागत नाही.

इथे एक आक्षेप येणारच. आपल्याकडे एकत्र कुटुंब होते, भाऊबंद होते, गावकी होती. मूल उघड्यावर पडत नव्हते, अनाथगृह ही परक्यांची कल्पना. यात थोडे तथ्य आहे. आत्या, मावशी, मामा यांच्या घरी वाढलेल्या मुली असंख्य असणार, आणि त्यांची नोंद कुठल्याही दप्तरात होत नाही. पण ज्या मुलीला आत्याही नव्हती तिचे काय होई, याची नोंद आहे. महिदपूरच्या लढाईत असलेला जॉन माल्कम पुढे माळव्याचा कारभारी झाला आणि त्याचा मध्य हिंदुस्थानावरचा ग्रंथ १८२३ मध्ये निघाला. तो लिहितो की माळव्यात गुलामगिरी आहे ती मुख्यतः स्त्रियांची, आणि नाचणाऱ्या मुलींचे ताफे चालवणाऱ्या नायकिणी मुली लहानपणीच विकत घेतात. माल्कम जेत्यांपैकी होता, जितांचे दोष दाखवण्यात त्याचा लाभ होता, हे धरून चालू. पण पेशवे दप्तरातल्या कुणबिणींच्या, म्हणजे दासींच्या, खरेदी-विक्रीच्या नोंदी कोणा साहेबाने लिहिलेल्या नाहीत. दुष्काळात पोर विकणे हा तर या देशातला फार जुना व्यवहार. अनाथगृहाने घेतलेली जागा कुटुंबाच्या उबेची होती असे समजणे म्हणून चूक. ती जागा बऱ्याच अंशी बाजाराची होती.

कायदा पाहिला की चित्र आणखी कठोर होते. त्या काळचा हिंदू कायदा दत्तक ओळखत होता तो मुलाचा. जुन्या ग्रंथांत पुत्रिकेचा, म्हणजे मुलाच्या जागी मानलेल्या मुलीचा, उल्लेख असला तरी व्यवहारात मुलीला दत्तक घेण्याची सोय नव्हती. रूढीने मुलगी दत्तक घेणारा एकच वर्ग मान्य होता, नायकिणींचा. आणि १८८० मध्ये मथुरा नायकीण विरुद्ध एसू नायकीण या खटल्यात मुंबई उच्च न्यायालयाने त्यालाही मान्यता नाकारली. निकालामागे नीती होती हे खरे. परिणाम असा की निराधार मुलीला कायद्याने कोणाची तरी वारस करणारी एकमेव वाटही बंद झाली आणि तिच्या जागी दुसरी उघडली नाही. याच सुमारास धार आणि देवासला काय चालले होते पाहा. १८६२ च्या सनदांनी संस्थानिकांना दत्तकाचा हक्क कबूल केला होता. १८९८ मध्ये धारच्या पवारांच्या गादीवर उदाजीराव आले ते दत्तक. १८९९ मध्ये देवास थोरल्या पातीच्या गादीवर तुकोजीराव तिसरे आले तेही दत्तक. दोघेही अल्पवयीन, दोघांच्याही मागे पंचांग, पुरोहित, पोलिटिकल एजंट आणि मोहोरबंद कागद. (याच देवासच्या विक्रमसिंहरावांना १९४७ मध्ये कोल्हापूरच्या गादीने घेतले आणि ते छत्रपती शहाजी झाले, म्हणजे ही परंपरा किती दूर पोचली ते कळते.) छप्पनियाच्या वर्षी माळव्यात एका मुलाचे नाव एका विधीने बदलून तो राजा होऊ शकत होता, आणि त्याच रस्त्यावरच्या मुलीला कोणी मनापासून घरात घेतले तरी तिच्या नावावर एक भांडे चढवता येत नव्हते. पुण्यात १८९६ मध्ये कर्व्यांनी अनाथ बालिकाश्रम काढला, तिथे मुख्यतः आल्या त्या विधवा; बाप असूनही ज्यांना घर नव्हते अशा.

दुसरा आक्षेप अधिक वजनाचा आहे. कादंबरी आणि मालिका हे इतिहासाचे पुस्तक नव्हे; मुलांसाठीच्या कथेकडून दुष्काळ आयोगाचा अहवाल का मागायचा? आणि निदान 'ॲन विथ ॲन ई'ने तर तो मागणीआधीच दिला आहे. मोइरा वॉली-बेकेट यांच्या या मालिकेत अनाथगृहातला छळ दिसतो, ॲन आधी जिथे राबली त्या हॅमंडच्या घरची मारहाण दिसते, आणि तिसऱ्या हंगामात काक्वेट नावाच्या मिकमाक मुलीला सरकार-चर्चच्या निवासी शाळेत नेऊन कोंडलेले दिसते. या मालिकेचे श्रेय मोठे आहे, आणि तिच्यावर अंधार ओतल्याचा आरोप करणाऱ्या कादंबरीभक्तांशी सहमत होणे कठीण आहे. पण माझ्या मुद्द्याला तीच सर्वांत चांगली साक्ष देते. मालिकेच्या सुरुवातीच्या भागांत मॅथ्यू-मरिला ॲनला कुटुंबाच्या बायबलमध्ये सही करायला लावतात आणि ती शर्ली-कथबर्ट होते. कादंबरीत हे नाही. तिथे मरिला 'मला मावशी म्हणू नकोस, मी तुझी मावशी नाही' अशा अर्थाचे सरळ सांगते आणि ॲन शेवटपर्यंत शर्लीच राहते. शंभर वर्षांनंतरच्या पटकथाकाराला जाणवले की प्रेम पुरेसे नाही, नाव कुठेतरी शाईने लिहिले गेले पाहिजे. आणि काक्वेट? तिला आई आहे, बाप आहे, घर आहे, ॲनपेक्षा सगळे जास्त आहे; पण त्यांचा हक्क राज्य मानत नाही, म्हणून ती अनाथ केली जाते. मालिका २०१९ साली बंद पडली तेव्हा तिची सुटका झालेली नव्हती. निर्मात्यांना वेळ मिळाला असता तर कदाचित झाली असती. कथेच्या दृष्टीने तो अपुरेपणा, इतिहासाच्या दृष्टीने ती अचूकता.

मिशनांच्या बाजूनेही बोलले पाहिजे. केडगाव, महोबा, होशंगाबाद, धार इथे वाढलेल्या मुली जगल्या, अक्षरे शिकल्या. काही परिचारिका झाल्या, काही शिक्षिका. गावात राहून त्या यांतले काही झाल्या असत्या असा पुरावा नाही, आणि पुष्कळशा जगल्याही नसत्या. धर्मांतराची किंमत मोजून वाचवणे हे वाचवणेच आहे. मात्र किंमत कोणी ठरवली, हा प्रश्न त्याने मिटत नाही. लजपतरायांच्या अनाथालयातही मुलीला कोणी विचारले नव्हते. हरद्याच्या गरीबखान्यातून एक मुलगी महोब्याला, दुसरी केडगावला, तिसरी पंजाबला गेली असेल तर तिघींचा देव, भाषा आणि नवरा वेगवेगळा झाला, आणि नदीच्या अलीकडे नेमावरला राहिलेल्या चौथीचे नाव कोणत्याच वहीत आले नाही. चौघींच्या स्वभावाचा यात काडीचाही संबंध नव्हता.

मुलीला दत्तक घेण्याची वाट मोकळी झाली ती १९५६ च्या हिंदू दत्तक व निर्वाह कायद्याने. तोवर नेमावर होळकरांचे राहिले नव्हते, धार आणि देवासच्या गाद्या विलीन झाल्या होत्या. पण हा कायदा हिंदूंचा. ख्रिस्ती समाजाला दत्तकाचा कायदाच नव्हता. त्यांना उपलब्ध होते ते १८९० च्या पालक व पाल्य कायद्याखालचे पालकत्व, जे मूल सज्ञान झाले की संपते. म्हणजे १८९७ मध्ये गरीबखान्यातून मिशनमध्ये गेलेल्या मुलीच्या नातवंडांनी दुसऱ्या एखाद्या अनाथ मुलीला घरी आणायचे ठरवले असते, तर तिला आपले नाव कायमचे देण्याची सोय त्यांना बाल न्याय कायद्याच्या २००० सालच्या आणि नंतरच्या तरतुदींपर्यंत नव्हती.